चोर सोडून मास्तराला फाशी

शेतकरी व कारागीर बांधवहो, ज्या मास्तराने तुमच्या पोरांस अक्षर ओळखावयास शिकविले, त्याच्याच दारी आज पगारवसुलीचा कागद येतो, याची तुम्हांस खबर आहे काय?

प्रस्तुत लेखक सुताराचा पोर. अध्यापक विद्यालयातून शिकून खेड्यातील मराठी शाळेत मास्तर झाला. मास्तराच्या पगाराचा हिशेब मास्तर करीत नाही. तो कारकून करतो आणि साहेब त्यावर सही ठोकतो. त्या हिशेबात एक वेतनवाढ जादा पडली, असे कचेरीस बारा वर्षांनी उमगले आणि सारी रक्कम कापून घेण्याचा हुकूम सुटला. चूक कारकुनाची, सही साहेबाची आणि पोटास चिमटा मात्र मास्तराच्या लेकरांच्या! हा कोठला न्याय?

कायदा असे म्हणत नाही. १८ डिसेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की, सरकारच्याच चुकीने जादा गेलेला पगार वर्ग तीन व चारच्या नोकरांकडून, निवृत्तांकडून, तसेच पाच वर्षांहून अधिक काळ दिला गेला असल्यास वसूल करू नये. मग कचेरीने वाट कोठून काढली? हमीपत्रातून! 'जादा रक्कम निघाल्यास परत करीन' अशी सही आधीच दिलेली असली तर वसुली चालते, असा २०१६ चा निकाल आहे. आणि ही सही मास्तर खुशीने देतो काय? सही नाही तर नवा पगार नाही! पोटाला टाच लावून घेतलेल्या सहीस कबुली म्हणणे म्हणजे सावकारी खतावरच्या अंगठ्यास खुशीचा सौदा म्हणण्यापैकीच आहे.

केरळात १९९९ साली निवृत्त झालेल्या एका शिक्षकास अशाच वसुलीतून सुटका मिळाली ती २ मे २०२२ रोजी. तेवीस वर्षे! न्याय मिळाला खरा, पण म्हातारपण कोर्टाच्या पायऱ्यांवर गेले.

कोणी म्हणेल, मास्तर लबाडांची बाजू घेतो. मुळीच नाही. पश्चिम बंगालात २०१६ च्या भरतीतील शिक्षक व इतर मिळून २५,७५३ नेमणुका ३ एप्रिल २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने रद्द केल्या. ज्यांची लबाडी उघड झाली त्यांनी पगार परत करावा, असे ठरले. ते रास्तच. पण जे निर्दोष होते त्यांचा पगार राहिला तरी नेमणूक गेलीच. कां? तर भरती करणाऱ्या आयोगाने मूळ उत्तरपत्रिकाच जपल्या नाहीत. खरे-खोटे निवडणार कसे? दप्तर जाळले एकाने, घर बुडाले दुसऱ्याचे!

आपल्याकडील खाजगी शाळांत तरी निराळे काय आहे? बाप एकर विकून संस्थाचालकाची थैली भरतो. त्या थैलीची पावती नसते. पुढे मान्यता रद्द झाली की पोर रस्त्यावर आणि चालक खुर्चीवर!

जोतीराव फुल्यांनी १८८२ साली हंटर कमिशनपुढे सांगितले होते की, प्राथमिक शाळांचे मास्तर शेतकरी वर्गातून घ्यावे व त्यांस पुरेसा पगार द्यावा. आज मास्तर आपल्या घरांतून येऊ लागला, तर त्याचा पगारच कचेरीच्या मर्जीवर टांगला आहे.

आमचे मागणे रोकडे आहे. ज्याने सही केली त्यास आधी जाब विचारा. सक्तीची हमीपत्रे बंद करा. भरतीचे दप्तर गहाळ करील त्याच्याच खिशातून नुकसान भरून घ्या.

आणि बांधवहो, तुम्हीही जागे व्हा. नोकरीसाठी जमीन विकू नका. नेमणुकीचा हुकूम लेखी घ्या, त्याची नक्कल घरी ठेवा. खाजगी शाळेने पोरास काढलेच तर १९७७ च्या कायद्याने शाळा न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. मात्र हुकूम हाती पडल्यापासून तीस दिवसांच्या आत. चालकाच्या 'बघू, करू' वर एक महिना घालवाल, तर हक्क गमावून बसाल. अन्याय मुकाट्याने सोसणे ही नम्रता नव्हे. ती अन्याय करणाऱ्यास दिलेली सूट आहे.