ताकदीच्या सुईमागचा न झालेला तपास

१ जुलै १९९८ रोजी धुळ्यापासून वेगळा झालेला नंदुरबार जिल्हा कुपोषणासाठी वारंवार चर्चेत येतो. तेथील सिकलसेल मात्र तितका चर्चिला जात नाही. भिल्ल, पावरा आदी आदिवासी समाजांत आढळणाऱ्या या आनुवंशिक आजारात तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात आणि सुमारे १२० दिवसांऐवजी दहा-वीस दिवसांतच नष्ट होतात. रुग्ण फिकट दिसतो, थकतो, सांधे दुखतात. ‘अंगात ताकद नाही’ ही त्याची तक्रार. ग्रामीण भागात अशा तक्रारीवर ठरलेला उतारा म्हणजे ताकदीची सुई.

ही सुई बहुधा जीवनसत्त्वाची असते. कोबाल्टमुळे लाल दिसणारे बी-१२ त्याच्या अभावात किंवा आतड्यांत शोषण होत नसल्यास खरोखर उपयुक्त आहे. नवजात बालकास टोचले जाणारे ‘के’ जीवनसत्त्वही रक्तस्रावापासून वाचवते. परंतु सिकलसेलवर बी-१२ हा उपाय नव्हे. तेथे फोलिक ॲसिडची स्वस्त गोळी आणि हायड्रॉक्सीयुरिया यांचा आधार असतो. लोहाचे इंजेक्शन तर तपासणीविना धोक्याचेच. लोहाची कमतरता असलेल्या गर्भवतीस ते तारक ठरते. वारंवार रक्त चढवलेल्या सिकलसेल रुग्णाच्या यकृतात आणि हृदयात मात्र आधीच लोह साठलेले असू शकते.

औषध निरुपद्रवी असले तरी सुई तशी असेलच असे नाही. नंदुरबारला लागून असलेल्या गुजरातेत, मोडासा परिसरात, २००९ मध्ये हिपॅटायटिस-बीच्या साथीने अनेकांचा बळी घेतला; वापरलेल्या सिरिंजांचा पुनर्वापर हे तिचे कारण मानले गेले. २०१८ मध्ये उत्तर प्रदेशातील उन्नाव जिल्ह्यात एचआयव्हीची लागण उघड झाली, तेव्हा संशयाची सुई पदवीविना उपचार करणाऱ्याकडेच वळली.

शहरी वाचकाने हे सारे डोंगरातले अज्ञान समजू नये. गोरेपणासाठी शिरेतून ग्लुटाथिओन घेणारा सुशिक्षित ग्राहकही त्याच श्रद्धेचा बळी आहे. ग्लुटाथिओन हे तीन अमिनो आम्लांचे पेप्टाइड. त्याच्या अशा वापराविरुद्ध फिलिपिन्सच्या औषध प्रशासनाने २०११ मध्येच इशारा दिला होता. इन्सुलिन किंवा सेमाग्लुटाइड हीही पेप्टाइडेच, पण ती मोठ्या चाचण्यांतून गेलेली. व्यायामशाळांतून ‘दुखापत भरून काढणारे’ म्हणून खपणाऱ्या बीपीसी-१५७ मागे माणसांवरील तसा पुरावा नाही.

राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मोहिमेस १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून प्रारंभ झाला. प्राथमिक तपासणीस बोटातील थेंबभर रक्त पुरते. ती होण्यापूर्वीच लाल सुई टोचून घेतलेला रुग्ण दोन दिवस बरे वाटल्याच्या समाधानात घरी परततो, आणि निदान तेवढेच लांबते.