बोटाने बांध अडत नाही

मराठी मूल पुराची पहिली गोष्ट ऐकतं, तेव्हा त्याला धड बसताही येत नसतं. कावळ्याचं घर शेणाचं, चिमणीचं मेणाचं, मोठा पाऊस येतो आणि कावळ्याचं घर वाहून जातं. पुढचा भाग आपण मुलांना भात भरवताना इतक्यांदा सांगितलेला असतो की त्यातला कोरडेपणा जाणवतही नाही. पूरग्रस्त दाराशी कुडकुडतोय आणि आत बाळाची अंघोळ, तीट, काजळ चाललेलं आहे. घर कशाचं बांधलं, नुकसान कुणाचं झालं, आसरा कुणी द्यायचा आणि देताना किती ताटकळत ठेवायचं, हे सगळं दोन घासांच्या मध्ये सांगून होतं. त्यानंतर यथावकाश वसुदेवाची यमुना येते. तिथे बाळाचा पाय लागताच पाणी उतरतं. मला विचाराल तर दोन्हींत चिमणीची गोष्ट जास्त खरी. पाणी कुणाच्या पायाला ओळखत नाही.

शाळेत गेल्यावर हॉलंडचा मुलगा भेटतो. समुद्राच्या बांधाला बारीक भोक पडलेलं दिसतं, तो त्यात बोट घालतो, रात्रभर थंडीत तसाच बसून राहतो आणि गाव वाचवतो. ही गोष्ट जगभर पोचवली ती मेरी मेप्स डॉज या अमेरिकन बाईंनी, १८६५ सालच्या ‘हान्स ब्रिंकर’ या कादंबरीतून. पुस्तक लिहीपर्यंत त्यांनी हॉलंड पाहिलंही नव्हतं. कादंबरीत त्या मुलाला नावसुद्धा नाही, लोकांनी नायकाचंच नाव त्याला चिकटवून टाकलं. डच माणसाला ही गोष्ट ठाऊक असते ती बहुधा परदेशी पाहुण्यांनी विचारल्यामुळे. शेवटी १९५० साली स्पार्नडाम गावात त्या मुलाचा पुतळा उभारला गेला, तोही मुख्यतः पर्यटकांच्या समाधानासाठी.

तिथले बांध मातीचे. असा बांध फुटतो तेव्हा बऱ्याचदा पाणी वरून जाऊन आतल्या उताराची माती धुऊन नेतं, नाहीतर भिजून भिजून बांधाचा तुकडाच घसरतो. बोट घालायला नेमकं भोक मिळणं हा फार क्वचितचा योग. आणि तरी, पुतळा उभा राहून तीन वर्षंही झाली नव्हती तेव्हा, या गोष्टीसारखं काहीतरी खरोखर घडलं. १ फेब्रुवारी १९५३ च्या पहाटे न्यूवेरकेर्कजवळ हॉलंडशे आयसेल नदीचा बांध खचला. त्याच्या मागे लाखो लोकांची वस्ती, तीही समुद्रसपाटीच्या खाली. तिथल्या महापौराने अरी एव्हेग्रून नावाच्या नावाड्याला त्याचं मालवाहू जहाज भगदाडात घालायला सांगितलं. त्याने ते घातलं. प्रवाहाने जहाज फिरलं आणि दार लोटल्यासारखं भगदाडावर जाऊन बसलं. एव्हेग्रून चांगला पोक्त माणूस होता आणि जहाज त्याच्या पोटापाण्याचं साधन होतं. मुलांसाठी गोष्ट निवडायची तर मी ही निवडेन. हिच्यात नुसतं धाडस नाही. प्रवाह कुठून कसा ओढतो हे आयुष्यभर पाहिलेल्या माणसाची अक्कल त्यात आहे.

आपल्याकडेही असा प्रसंग आहे. जुलै १९६१ मध्ये पानशेतचं धरण खचू लागलं तेव्हा लष्कराच्या जवानांनी रात्रभर पोती रचली. धरण वाचलं नाही. पण ते रात्री न फुटता १२ तारखेच्या सकाळी फुटलं, आणि पुण्यात पाणी शिरलं ते दिवसाउजेडी. लोकांना पळायला वाट दिसली. पुणेकरांच्या घराघरात पानशेतच्या आठवणी आहेत, कुठल्या वाड्यात कितव्या पायरीपर्यंत पाणी आलं ते आजोबा बोटाने दाखवतात. पोती रचणाऱ्यांवर मात्र मुलांनी वाचावी अशी कादंबरी माझ्या पाहण्यात नाही.

हा विषय डोक्यात बसला तो सांगलीच्या भाचीमुळे. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीला महापूर आला तेव्हा ती सातवीत होती. फोनवर मी विचारलं, घाबरली नाहीस ना? तर म्हणाली, “मामा, आयर्विनला पंचावन्नच्या वर गेलंय, आणि कोयनेचा विसर्ग अजून चालूच आहे.” आयर्विन म्हणजे १९२९ सालचा पूल. तिथे पाण्याची उंची मोजतात. चाळीस फुटांना इशारा, पंचेचाळीसला धोका, हे सांगलीतल्या पोरांना पाढ्यांसारखं पाठ असतं. त्या वर्षी पाणी सत्तावन्न फुटांच्या पुढे गेलं. क्युसेक, फुगवटा, विसर्ग हे शब्द पुण्यातल्या इंजिनिअरिंगच्या पोरांनाही धड माहीत नसतील, ते ही मुलगी भाजीच्या भावासारखे बोलत होती. वर ऐकवलंन, “तुमच्याकडं पूर बघायला जातात, आमच्याकडं पूर बघायला येतो.”

पूर ओसरल्यावर तिला एखादं पुस्तक धाडावं म्हणून मी दुकानं पालथी घातली. नदीवर पुस्तकं होती, नाही असं नाही. बहुतेकांत नदी आई होती, खळाळत होती, शेवटच्या पानावर प्लॅस्टिक टाकू नका म्हणून सांगत होती. साहसाच्या फळीवर फास्टर फेणे होता. भा. रा. भागवतांनी त्याला चक्रीवादळातही धाडलं आहे, आणि बन्या फेणे कुठेही गेला तरी मजा येतेच. पण त्याचं सगळं बळ चपळाईत आणि शोधक नाकात. पुराचं पाणी हा काही पकडून द्यायचा चोर नव्हे.

पाण्याची भीती आणि तिच्यावरचा उपाय मराठीत मनापासून लिहिला तो साने गुरुजींनी. ‘श्यामची आई’मधलं पोहण्याचं प्रकरण आठवा. श्याम लपून बसतो, आई शिंपटीने फोडून काढत त्याला विहिरीवर पिटाळते. हल्ली ते प्रकरण वाचून पालक अस्वस्थ होतात, मारण्यापायी. मला त्यातली आई फार व्यवहारी वाटते. कोकणातल्या पोराला पोहता आलं पाहिजे, बास. अर्थात विहिरीत पोहणं वेगळं आणि पुरात पोहणं वेगळं, पट्टीचे पोहणारेही पुरात जातात.

जंगलात, रानात तगून राहण्याच्या पुस्तकांपैकी मला आवडतं ते गॅरी पॉल्सन यांचं १९८६ सालचं ‘हॅचेट’. विमान चालवणारा हृदयविकाराने जातो, तेरा वर्षांचा ब्रायन कॅनडातल्या निर्जन रानात एका तळ्यावर आदळतो, कमरेला एक छोटी कुऱ्हाड. त्याला मासे मारायचे असतात आणि भाला दर वेळी हुकतो. मग ध्यानात येतं की पाण्यात प्रकाश वाकतो, मासा दिसतो तिथे तो नसतोच, नेम त्याच्या खाली धरायला हवा. आपल्याकडे पेन्सिल अर्धी पाण्यात बुडवून हा धडा शिकवतात आणि परीक्षेत आकृतीला गुण देतात. ब्रायनला गुणांऐवजी जेवण मिळतं. रस्किन बाँड यांची ‘अँग्री रिव्हर’ आकाराने लहान, तिच्यातली सीता पुराच्या वेळी बेटावर एकटी असते, पिंपळावर चढून बसते आणि पिंपळच उन्मळून वाहू लागतो. सुंदर गोष्ट आहे, पण तिथेही मूल एकटं, आणि एकट्या मुलाच्या गोष्टीत गावाला काही ठरवावं लागत नाही.

म्हणूनच मला यान तेरलाऊ या डच लेखकाचं इतकं कौतुक. हा गृहस्थ मूळचा भौतिकशास्त्रज्ञ, मग खासदार, पुढे मंत्री, आणि या सगळ्याच्या जोडीला मुलांचा लेखक. १९७६ साली त्याने ऑस्टरस्खेल्ड खाडीवर कुमारांसाठी कादंबरी लिहिली. पहिला भाग १९५३ च्या रात्रीचा. मोठी भरती आणि वायव्येचं वादळ एकाच वेळी आलं, नैर्ऋत्येकडचे बांध ठिकठिकाणी फुटले, नेदरलँड्समध्ये १,८३६ माणसं गेली. हवामान खात्याने इशारा दिला होता, पण तेव्हा रेडिओ मध्यरात्री बंद व्हायचा आणि दिवस शनिवारचा, कचेऱ्या ओस. असला तपशील कुठल्याही राक्षसापेक्षा जास्त भिववतो.

दुसरा लेखक तिथे पुस्तक संपवता. पाणी ओसरलं, माणसं घरी परतली, समाप्त. तेरलाऊ वीस वर्षं पुढे जातो. आता सरकारला खाडीचं तोंड कायमचं बंद करायचं आहे. ज्यांनी ती रात्र पाहिली ते म्हणतात, करा, उद्याच करा. नंतर जन्मलेली पोरं म्हणतात, खाडी बंद झाली की भरती-ओहोटी संपली, कालवं-शिंपल्यांचा धंदा बसला, पक्षी गेले. एकाच घरात जेवणाच्या टेबलावर भांडणं. लेखक तेव्हा स्वतः संसदेत होता आणि त्याचा पक्ष खाडी उघडी राहावी या मताचा. तरी पुस्तकात बांध मागणाऱ्यांचं म्हणणं त्याने हलकं केलेलं नाही. ज्याचं घरदार वाहून गेलं त्याच्याशी शिंपल्यांविषयी वाद घालणं सोपं नसतं, हे बारा वर्षांच्या वाचकाला कळतं. प्रत्यक्षात तोडगा निघाला तो असा: पोलादी दारांचा अडसर, एरवी उघडा, वादळात बंद. बासष्ट दारं, उद्घाटन १९८६ च्या ऑक्टोबरात.

असं पुस्तक कृष्णा-पंचगंगेवर का नसावं? सामग्रीची वाण नाही. नृसिंहवाडीला पाणी चढून देवळाच्या दक्षिणदारातून बाहेर पडलं की दक्षिणद्वार सोहळा होतो, लोक त्या पाण्यात स्नानाला येतात. म्हणजे त्याच पाण्याचं सुरुवातीला स्वागत होतं. गुळाच्या काहिलीत बसून पलीकडे जाणारी माणसं आहेत. बांधलेली गुरं बुडतात म्हणून रात्री उठून दावी सोडणारा एखादा म्हातारा असेल. आणि ओघात चार गोष्टी मुलांना कळतील: वाहतं पाणी नुसतं घोट्याच्या वर असलं तरी मोठ्या माणसाला पाडू शकतं, फूटभर पाण्यात लहान मोटार तरंगू लागते, बुडणाऱ्याला हात द्यायच्या आधी दोर किंवा काठी द्यावी. ही माहिती चौकटीत छापली की मुलं चौकट ओलांडून पुढे जातात. पात्राच्या जिवावर बेतली की लक्षात राहते.

वाचनालयांचंही एक प्रकरण त्यात घालता येईल. सांगलीत २०१९ ला आणि चिपळूणला २००५ आणि २०२१ ला पाणी वाचनालयांत शिरलं. मुलांचा हात पोचावा म्हणून बालविभागाची पुस्तकं सहसा खालच्या फळीवर ठेवतात. पहिल्यांदा भिजायचा मान त्यांचाच.

पण खरी कसोटी दुसऱ्या भागाची. तिथे कृष्णेवरचं, कर्नाटकातलं अलमट्टी धरण येणारच. महापूर अलमट्टीच्या फुगवट्याने येतो असं सांगलीत ठामपणे म्हणतात. पुराची कारणं तपासणाऱ्या वडनेरे समितीने २०१९ चं खापर त्या धरणावर फोडलं नाही, आणि समितीचं म्हणणं सांगलीत आजही अनेकांना मान्य नाही. भाचीच्या घरी यावर भावाभावांत अबोला झालेला मी पाहिला आहे. धरणाची उंची वाढवायची कर्नाटकची मागणी आहे, तिकडे दुष्काळी तालुके पाण्याची वाट पाहतात. त्या बाजूलाही मुलं आहेत. जुन्या बागलकोटचा काही भाग अलमट्टीच्या पाण्याखाली गेला आणि लोकांना नवनगरात जावं लागलं. तिथल्या एखाद्या मुलाच्या आजीचं घर पाण्यात आहे, तेही पुराने नव्हे, कायमचं. सांगलीची मुलगी आणि बागलकोटचा मुलगा एका कादंबरीत समोरासमोर आले तर काय बोलतील? तिला तो चोर वाटेल, त्याला ती रडकी. लेखकाला दोघांची बाजू तितक्याच जोरात मांडावी लागेल आणि आकडे फुटांत नि मीटरांत दोन्हीकडचे बरोबर लिहावे लागतील, कारण भाची ते तपासणार.