बारा तासांची पाळी आणि दोन तासांची हिरवळ

निसर्गाच्या सान्निध्यात राहा, असा सल्ला हल्ली अमरावती-अकोल्याच्या दवाखान्यांतून सर्रास दिला जातो. रक्तदाब वाढला, झोप उडाली, मन कशात लागेनासे झाले, की डॉक्टर गोळ्यांच्या खाली सकाळचे फिरणे लिहून देतात. वर्तमानपत्रांच्या रविवारच्या पुरवण्या हिरवाईचे माहात्म्य गातात आणि चिखलदऱ्याची हॉटेले त्याच माहात्म्याचे दर खोलीमागे आकारतात. सल्ला खोटा नाही. ज्यांच्याजवळ सकाळ मोकळी आहे आणि खिसा भरलेला आहे, त्यांच्यापलीकडे तो जात नाही, हा त्याचा दोष आहे. आणि हा दोष डॉक्टरांचा नसून समाजरचनेचा आहे.

अमरावतीहून नागपूरकडे निघाले की नांदगाव पेठ लागते. आज हे गाव त्याच्या पेठेमुळे नव्हे, तर औद्योगिक वसाहतीमुळे ओळखले जाते. येथे १३५० मेगावॉटचा कोळशावरील वीज प्रकल्प आहे, कापडाचे कारखाने आहेत, महामार्गावर टोलनाका आहे. २० सप्टेंबर २०२४ रोजी वर्ध्याच्या सभेतून पंतप्रधानांनी ज्याची पायाभरणी केली, ते सुमारे हजार एकरांचे ‘पीएम मित्र’ टेक्स्टाइल पार्कही याच परिसरातले. पार्क म्हणजे उद्यान, असा अर्थ शाळेत शिकवला जातो. या पार्कात पाळी संपल्यावर घटकाभर टेकण्यासाठी कामगाराला किती गुंठे सावली मिळणार, हा प्रश्न सत्ताधारी विचारणार नाहीत हे समजण्यासारखे आहे. श्रमिकांचे राजकारण करणारेही तो विचारीत नाहीत, हे मात्र समजण्यासारखे नाही.

हा प्रश्न हौसेचा नाही, त्याला शास्त्राचा आधार आहे. अमेरिकेतील रॉजर उलरिच या संशोधकाने १९८४ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात एक छोटासा अभ्यास प्रसिद्ध केला. पेनसिल्व्हेनियातील एका रुग्णालयात पित्ताशयाची शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांच्या नोंदी त्याने तपासल्या. काहींच्या खिडकीतून झाडे दिसत होती, काहींच्या खिडकीतून विटांची भिंत. झाडे दिसणारे रुग्ण लवकर घरी गेले आणि त्यांना तीव्र वेदनाशामके कमी लागली. रुग्ण अवघे ४६ होते, म्हणून या एका अभ्यासावर इमला उभारू नये. परंतु त्यानंतरच्या चार दशकांत पुराव्याचे पारडे त्याच बाजूला झुकत गेले आहे. २०१९ मध्ये इंग्लंडमधील सुमारे २० हजार लोकांच्या माहितीवरून असे दिसले, की आठवड्यातून निदान दोन तास निसर्गात घालवणारे लोक, तसे न करणाऱ्यांपेक्षा, आपले आरोग्य आणि समाधान चांगले असल्याचे अधिक प्रमाणात सांगतात. यामागे चमत्कार काही नाही. झाडाखाली हवा थंड असते, पाय चालतात, डोळ्यांना आणि मेंदूला विसावा मिळतो, चार माणसे भेटतात आणि ताणाने आवळलेले शरीर सैल होते.

येथे एक आक्षेप हमखास येतो, आणि तो बहुधा बंगल्याच्या ओसरीवरूनच येतो. मजूर तर जन्मभर उघड्यावरच असतो. त्याला निसर्गाची वाण काय? या आक्षेपात अज्ञान किती आणि निर्ढावलेपणा किती, हे ठरवणे कठीण आहे. पारा पंचेचाळीस अंशांच्या पुढे गेलेला असताना वऱ्हाडातल्या काळ्या रानात पऱ्हाट्या उपटणारी बाई निसर्गाच्या सान्निध्यात नसते, ती उन्हाच्या तावडीत असते. २०१७ च्या पावसाळ्यात शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर कीटकनाशक फवारताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. तेही मोकळ्या हवेतच होते, पण त्या हवेत विष होते. निसर्गाचा गुण येतो तो मनुष्य तेथे आपल्या इच्छेने, विसाव्यासाठी गेला तर. सक्तीने, पोटासाठी आणि मुकादमाच्या नजरेखाली गेलेल्याला तोच निसर्ग कामाचे ठिकाण होतो. भर दुपारी धुऱ्यावरच्या निंबाखाली फडके सोडून भाकर खाणाऱ्या मजूर बायांना या दोहोंतला फरक कोणी शिकवावा लागत नाही. त्या अर्ध्या तासाला त्या विसावा म्हणतात, बाकीच्या वेळेला काम. आता ट्रॅक्टर फिरायला आडवे येते म्हणून धुऱ्यावरचे निंबही जात आहेत.

दुसरा आक्षेप घरातलाच आहे, म्हणून त्याचा समाचार अधिक सविस्तर घेतला पाहिजे. मजुरी, रेशन, कर्ज, कापसाचा भाव हे खरे प्रश्न. झाडे, बागा, मोकळी हवा ही पोट भरल्यावरची चैन. असे अनेक जुने, निष्ठावान कार्यकर्ते मानतात. त्यांच्या निष्ठेविषयी शंका नाही. पण वस्तुस्थिती त्यांच्या विरुद्ध आहे. रिचर्ड मिचेल आणि फ्रँक पॉपहॅम यांनी ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात २००८ मध्ये इंग्लंडमधील निवृत्तीच्या वयाखालच्या लोकसंख्येतील मृत्यूंचा अभ्यास मांडला. जेथे हिरवळ सर्वांत कमी होती, तेथे सर्वाधिक गरीब थरातील मृत्यूचे प्रमाण सर्वाधिक सुखवस्तू थराच्या १.९३ पट होते. जेथे हिरवळ सर्वांत जास्त होती, तेथे ते १.४३ पट होते. झाडांनी वर्गभेद मिटवला नाही, हे दिसतेच. शिवाय असा अभ्यास संबंध दाखवतो, कार्यकारणभाव पुरता सिद्ध करीत नाही, हेही मान्य करावे. तरीही हिरवळ असेल तेथे गरिबाच्या आणि श्रीमंताच्या मरणातले अंतर कमी दिसते, हे ज्यांना क्षुल्लक वाटते त्यांनी समतेचा अर्थ पुन्हा तपासावा. धनिकाला झाड नसले तर वातानुकूलित खोली आहे, महाबळेश्वर आहे, खासगी दवाखाना आहे. टिनाच्या छपराखाली राहणाऱ्याला घराशेजारच्या झाडावाचून दुसरा आधार नाही. मग झाड ही चैन कोणाची?

इंग्लंडच्या कामगारांना हे जवळजवळ शंभर वर्षांपूर्वीच उमगले होते. २४ एप्रिल १९३२ रोजी मँचेस्टर परिसरातील काहीशे तरुण कामगार किंडर स्काउट या डोंगरावर चालून गेले. तो डोंगर जमीनदारांच्या शिकारीसाठी राखीव होता आणि आठवडाभर गिरणीत धूळ खाणाऱ्याला रविवारी तेथे पाय ठेवण्याची मनाई होती. त्या दिवशीच्या कारवाईत पाच जणांना तुरुंगवास झाला. त्यांचा पुढारी बेनी रॉथमन हा विशीतला कम्युनिस्ट कार्यकर्ता होता. डोंगरावर फिरण्याचा हक्क मागितला म्हणून त्याच्या सोबत्यांनी त्याला मजुरीचा लढा विसरलेला ठरवले नाही.

वऱ्हाडात डोंगराआधी गावाच्या शिवेवरची जमीन आहे. गायरानाला येथे आजही ‘ई-क्लास’ म्हणतात. ढोरक्याची गुरे, बायांचा जळणकाडीचा भारा, पोरांची बोरे आणि म्हाताऱ्यांची संध्याकाळची बैठक या सर्वांची जागा तीच. गरिबाचे ते फुकटचे उद्यान होते, कोणी तसे नाव दिले नाही एवढेच. औद्योगिक वसाहत येते, रस्ता रुंद होतो, प्लॉट पडतात, तेव्हा पहिला घाव या जमिनीवर पडतो, कारण तिच्या मालकाला, म्हणजे सबंध गावाला, खरेदीखतावर सही करावी लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २८ जानेवारी २०११ रोजी जगपाल सिंग खटल्यात गावांच्या सामायिक जमिनींवरील अतिक्रमणांविरुद्ध कडक निकाल दिला. परंतु त्या निकालाचा बडगा भूमिहीनांच्या पालांवर जितक्या तत्परतेने उगारला जातो, तितक्या तत्परतेने तो बड्यांच्या कुंपणांवर उगारला जात नाही. दादासाहेब गायकवाडांच्या १९५९ आणि १९६४ च्या सत्याग्रहांपासून भूमिहीन दलितांनी पडीक व गायरान जमीन मागितली ती पोटासाठी. सावलीची मागणी त्यांच्याविरुद्ध वापरू देणे हा द्रोह ठरेल.

जमिनीमागोमाग पाणी जाते. नांदगाव पेठच्या वीज प्रकल्पाला, लोकांच्या तोंडी बसलेल्या नावाने ‘सोफिया’ला, २००८ मध्ये मंत्र्यांच्या उच्चाधिकार समितीने अप्पर वर्धा धरणाचे वर्षाला ८७.६ दशलक्ष घनमीटर पाणी देण्याचा निर्णय घेतला. शेतकरी आत्महत्यांसाठी देशभर नाव झालेल्या जिल्ह्यात सिंचनाचे पाणी कोळशाच्या भट्टीकडे वळवले, म्हणून शेतकरी रस्त्यावर आले आणि प्रकरण न्यायालयात गेले. २०११ मध्ये विधिमंडळाने कायदा दुरुस्त करून असे पूर्वीचे निर्णय मागाहून वैध ठरवले. पाणी कालव्यातून शेतात जाते तेव्हा ते पिकापुरते राहत नाही. काठची विहीर भरते, धुऱ्यावरचे झाड जगते, गावाला गारवा येतो. पाण्याच्या हिशेबात हा गारवा कोणत्याही रकान्यात धरलेला नसतो. मोठ्या प्रकल्पांना पर्यावरण मंजुरी देताना जागेच्या सुमारे तृतीयांश भागावर हरितपट्टा राखण्याची अट साधारणपणे घातली जाते. तो पट्टा कुंपणाच्या आत असतो, फाटकावर पहारेकरी असतो, आणि ज्या गावाची जमीन गेली त्या गावाला त्या झाडांचे शेंडे बाहेरून पाहता येतात.

सरकारचे उत्तर ठरलेले आहे: वृक्षारोपण. २०१९ पर्यंत राज्याने ५० कोटी झाडे लावण्याचा संकल्प सोडला. त्यातली ३३ कोटी एकट्या २०१९ च्या वाट्याची. खड्डे मोजले, रोपे मोजली, छायाचित्रे निघाली. पुढे या मोहिमेच्या चौकशीसाठी विधिमंडळाची समिती नेमावी लागली. किती रोपांची सावली झाली आणि त्या सावलीत कोण बसले, हे मोजण्याची पद्धत शासनाला अद्याप सापडलेली नाही.

आणि नुसत्या झाडांनीही भागत नाही, याची साक्ष याच जिल्ह्याच्या उत्तरेला आहे. मेळघाटात झाडांना तोटा नाही. तरी १९९३ मध्ये तेथील कोरकू बालकांच्या कुपोषणाने आणि मृत्यूंनी महाराष्ट्राची मान खाली गेली. ज्याच्या ताटात अन्न नाही आणि ज्याच्या गावात दवाखाना नाही, त्याला अरण्य बरे करू शकत नाही. दुसरीकडे, व्याघ्रप्रकल्पातून उठवून अकोला जिल्ह्याच्या सपाटीवर आणलेल्या कोरकूंचे काय झाले, हेही पाहावे. नव्या वसाहतींत आजार आणि मृत्यू वाढले, कबूल केलेली जमीन व सोयी मिळाल्या नाहीत, अशी तक्रार करीत कित्येक कुटुंबे पुन्हा जंगलात परतली आणि जानेवारी २०१९ मध्ये त्यांची वनखाते व पोलीस यांच्याशी चकमक झडली. पर्यटकाला जीपमधून तीन तास जे जंगल आरोग्यदायी ठरते, ते त्यात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या माणसाला निषिद्ध ठरते. निसर्गाचा आरोग्यावर काय परिणाम होतो, हे विचारण्याआधी तो निसर्ग कोणाच्या ताब्यात आहे, हे विचारावेच लागते.

ताब्याइतकाच वेळही महत्त्वाचा. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यातील कामाची दैनिक मर्यादा ९ तासांवरून १२ तासांवर नेणाऱ्या दुरुस्तीला मंजुरी दिली. कामगाराची संमती घेतली जाईल, जादा कामाचा मोबदला मिळेल, असे सांगण्यात आले. फाटकाबाहेर बेकारांची रांग उभी असताना आतला कामगार कोणत्या तोंडाने असंमती देणार? बारा तास पाळी, त्यावर येण्याजाण्याचा वेळ, त्यावर बाईला चूल, धुणे आणि पाणी. शास्त्रज्ञ सांगतात ते आठवड्याचे दोन तास या हिशेबात कोठे बसवायचे, ते मंत्रिमंडळाने सांगावे. आठ तास काम, आठ तास झोप आणि आठ तास स्वतःचे, ही जगभरच्या कामगारांची जुनी मागणी होती. त्यातले तिसरे आठ तास प्रथम कापले जातात, आणि मग डॉक्टर फिरायला जाण्याचा सल्ला देतात.

नांदगाव पेठहून अमरावतीकडे येताना शहराच्या अलीकडच्या अंगाला तपोवन आहे. डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी १९४६ मध्ये कुष्ठरुग्णांसाठी ते वसवले. समाजाने वाळीत टाकलेल्या माणसांनी तेथल्या उजाड माळावर स्वतःच्या हातांनी झाडे आणि शेती उभी केली. बोटे झडलेल्या हातांना औषधाबरोबर जमीन, काम आणि स्वतःची सावली मिळाली. हे ज्या जिल्ह्यात घडले, त्या जिल्ह्यात औद्योगिक वसाहतीतल्या धडधाकट कामगाराला पाळीनंतर महामार्गाच्या दुभाजकावर बसावे लागू नये.

म्हणून मागण्यांच्या पत्रकात मजुरीच्या खाली चार ओळींची जागा करावी लागेल. हजार एकरांच्या पार्कात कामगारांसाठी आणि लगतच्या गावांसाठी फाटक नसलेली, पाणी असलेली, झाडांची मोकळी जमीन नकाशावरच राखली जावी; कारखाने उभे राहिल्यावर ती मिळत नसते. प्रकल्पांच्या हरितपट्ट्यांचा काही भाग कुंपणाबाहेर, गावाच्या बाजूला यावा. उन्हाळ्यात दुपारचे शेतकाम व बांधकाम थांबवून त्या तासांची मजुरी कापली जाऊ नये. आणि प्रत्येक गावशाखेने आपल्या ई-क्लास जमिनीचा सातबारा व मोजणी नकाशा काढून, आज तीत कोण आहे, भूमिहीन किती आणि बडे किती, याची वेगवेगळी यादी १ मेच्या ग्रामसभेपुढे ठेवावी. नांदगाव पेठच्या परिसरातील शाखांनी या कामाला प्रथम हात घालावा, कारण तेथे प्लॉटच्या खुणांचे दगड रोवणे पुढच्या ग्रामसभेची वाट पाहणार नाही.