नाच कुणाचा आणि गल्ला कुणाचा?

नाच म्हटलं की आपल्या चळवळीतल्या शिकल्यासवरल्या पोरांच्या कपाळावर आठ्या पडतात. कारण विचारलं की पठ्ठे बापूरावांची देणगी बाबासाहेबांनी नाकारल्याची हकिकत पुढे येते. हकिकत पाठ आहे, तिचा अर्थ मात्र सोयीने लावलेला. तो नकार पावलाबाईच्या कलेला नव्हता. आपल्या बायांना नाचवून जमवलेल्या पैशाला होता. नाचणारीच्या कष्टाचा मालक कोण, आणि समोर बसलेला तिला माणूस समजतो का, हा खरा मुद्दा.

हाच मुद्दा एका काळ्या अमेरिकन बाईने आयुष्यभर लावून धरला. तिचं नाव कॅथरीन डनहॅम. ब्लॅक पँथर आपल्याला घरचे वाटतात, किंगची जयंतीही ठाऊक असते. डनहॅमचं नाव मात्र आपल्या एकाही पोस्टरवर नाही.

१९०९ चा जन्म. शिकागो विद्यापीठात ती मानववंशशास्त्र शिकली आणि १९३५ मध्ये शिष्यवृत्ती घेऊन जमैका, मार्टिनिक, त्रिनिदाद, हैती अशी फिरली. गुलामांच्या जहाजांतून आलेले नाच तिथे जिवंत होते. गोऱ्या जगाच्या लेखी तो जंगलीपणा. डनहॅम वही घेऊन बाजूला बसली नाही, नाचात उतरली, हैतीत तर वोडू पंथाची दीक्षाही घेतली. (आपल्याकडे लोककलेवर पीएच.डी. कोण करतो आणि कुणावर करतो, ते सांगायला नको.) परतल्यावर त्या नाचांतून तिने स्वतःचं नृत्यतंत्र उभं केलं. चाळिशीच्या दशकात न्यूयॉर्कमध्ये काढलेल्या तिच्या शाळेत पावलांसोबत मानववंशशास्त्र आणि भाषाही शिकवल्या जात. मार्लन ब्रँडोसारखा गोरा नटही तिथे शिकून गेला.

आता प्रेक्षकांचं बघा. ऑक्टोबर १९४४, केंटकीतलं लुईव्हिल. थिएटरात काळ्यांना गोऱ्यांशेजारी बसू देत नव्हते. खेळ संपला, टाळ्या पडल्या आणि डनहॅमने तिथेच रंगमंचावरून सांगून टाकलं, आमची माणसं तुमच्या शेजारी बसत नाहीत तोवर मी इथे येणार नाही. तिकिटं खपत होती, नाव झालं होतं. तरीही! १९५० मध्ये ब्राझीलच्या साओ पावलोतल्या बड्या हॉटेलने तिला खोली नाकारली. तिने बोभाटा केला, आणि पुढच्याच वर्षी त्या देशात वंशभेदाविरुद्ध पहिला कायदा आला.

'कलेत राजकारण आणू नका' म्हणणाऱ्यांनी तिचं 'साउथलँड' वाचून काढावं. १९५१, चिलीची राजधानी सँटियागो. गोरी बाई खोटा आळ घेते, झुंड काळ्या तरुणाला फासावर लटकवते, आणि हे सगळं नृत्यातून. अमेरिकेची अब्रू परदेशात वेशीवर टांगली म्हणून सरकार खवळलं. पुढे दौऱ्यांसाठी सरकारी मदतीचे दरवाजे तिला बंदच राहिले. खैरलांजीवर असा एक तास कुणी उभा केला, तर इथल्या कुठल्या महोत्सवात त्याला तारीख मिळेल?

साठच्या दशकात ती ईस्ट सेंट लुईसच्या गरीब काळ्या वस्तीत गेली आणि टोळ्यांत वावरणाऱ्या पोरांना ढोल आणि नाच शिकवू लागली. १९९२ मध्ये, वयाच्या ८२ व्या वर्षी, हैतीच्या निर्वासितांना परत धाडणाऱ्या स्वतःच्या सरकारविरुद्ध तिने ४७ दिवस उपोषण केलं. २००६ मध्ये ती गेली.

आपल्याकडे विठाबाई नारायणगावकर हलाखीत गेल्या आणि आता त्यांच्या नावाने शासन पुरस्कार वाटतं. लावणी महोत्सवाच्या पत्रिकेवर मंत्र्यांची नावं ठळक, फडातल्या बाया 'आणि सहकलाकार'. कलेकडे पाठ फिरवून हे बदलणार नाही, उलट आयोजकांचं फावतं. फडात उभी हयात घालवलेली बाई पगारी गुरू म्हणून शिकवते, आणि अदाकारीच्या तासानंतर पोरी जातीचा इतिहास वाचतात, अशी एक तरी शाळा आपण आपल्या वर्गणीतून काढली आहे का? डीजेला दरवर्षी किती देतो, त्याचा हिशोब प्रत्येक मंडळाकडे आहे.