निसर्ग, राष्ट्र आणि दोन स्त्रिया

डिसेंबर १९९८. ‘फायर’ चित्रपटाचे खेळ बंद पाडणाऱ्यांच्या निषेधार्थ दिल्लीच्या रीगल चित्रपटगृहाबाहेर जमलेल्यांमध्ये एक फलक होता : ‘भारतीय आणि लेस्बियन’. त्यातील ‘आणि’वरच खरा वाद होता. पाव शतक उलटूनही तो मिटलेला नाही.

स्त्री-स्त्रीच्या सहजीवनावर दोन आक्षेप घेतले जातात : ते निसर्गाविरुद्ध आहे आणि ते परके आहे. पहिला आक्षेप कायद्यातच होता. १८६०च्या दंडसंहितेतील कलम ३७७ने ‘निसर्गक्रमाविरुद्ध’ संभोग गुन्हा ठरवला. त्या संहितेचा मूळ मसुदा मेकॉलेच्या आयोगाचा. म्हणजे परके काही असेलच, तर ते हे कलम! ६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने संमती असलेल्या प्रौढांना त्यातून मुक्त केले. दुसरा आक्षेप मात्र टिकला. २०२३ मध्ये विवाहहक्काच्या प्रकरणात ही दृष्टी शहरी उच्चभ्रूंची असल्याचे केंद्र सरकारने न्यायालयाला सांगितले. मराठी वाचकाला तरी हे पटू नये. विजय तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ ‘फायर’च्या कितीतरी आधी, १९८१ मध्ये रंगभूमीवर आले होते.

विवाहाचा हक्क न्यायालयाने नाकारला. पण स्त्रियांपुढचा प्रश्न विवाहाच्या अलीकडेच सुरू होतो. कलम ३७७चा बडगा मुख्यतः पुरुषांवर. स्त्रीच्या वाट्याला अदृश्यता आली. ती व्यवस्थेच्या नजरेस पडते ती घर सोडल्यावर. मग घरचे बेपत्ता झाल्याची वा अपहरणाची तक्रार नोंदवतात, पोलीस तिला परत आणतात आणि जोडीदारीण हेबियस कॉर्पसचा अर्ज करते. अशा अर्जांत न्यायाधीशांनी त्या व्यक्तीशी एकांतात बोलावे, समुपदेशनाच्या नावाखाली तिचा कल बदलण्याचा प्रयत्न करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२४ मध्ये बजावले. मद्रास उच्च न्यायालयाने मे २०२५ मध्ये आणखी एक पाऊल टाकले : विवाह हा कुटुंब स्थापण्याचा एकमेव मार्ग नव्हे.

नागरिकत्वाची साधी खूण म्हणजे शिधापत्रिका. अशा जोडीदारांना शिधापत्रिकेसाठी एकच कुटुंब मानावे, असे केंद्राने २०२४ मध्ये राज्यांना कळवले आहे. त्यासाठी दोघींना पुरवठा कार्यालयाच्या खिडकीवर आपले नाते सांगावे लागेल. आणि गोव्यासारख्या लहान राज्यात खिडकीपलीकडचा कारकून बहुधा दोघींच्याही घरच्यांना ओळखत असतो.