मर्सिडीज म्हणजे काय रे भाऊ?

प्लेसमेंटचा सीझन आला की आमच्या होस्टेलवर दोनच प्रश्न असतात. पॅकेज किती? आणि गाडी कुठली घेणार? दुसऱ्याचं उत्तर बहुतेकांचं ठरलेलं. मर्सिडीज! चाकणला तिचा कारखानाच आहे, त्यामुळे स्वप्न कसं हाकेच्या अंतरावर वाटतं. पण मित्रांनो, हे नाव आलं कुठून?

ते आहे एका मुलीचं. एमिल येलिनेक नावाचा एक ऑस्ट्रियन व्यापारी फ्रान्समध्ये नीसला राहायचा. गाड्यांच्या शर्यतींचा त्याला भारी शौक. 1899 मध्ये तो तिथल्या शर्यतीत उतरला तोही मुलीचं नाव लावून. 1900 साली त्याने जर्मनीतल्या डाइमलर कंपनीला 36 गाड्यांची ऑर्डर दिली आणि अट घातली, नव्या गाडीला मुलीचंच नाव द्यायचं. ती तेव्हा दहा वर्षांची. गाडी डिझाइन केली विल्हेल्म मायबाखने आणि नाव लागलं गिऱ्हाइकाच्या लेकीचं! 1901 मध्ये नीसच्या शर्यती या गाडीने गाजवल्या, 1902 मध्ये कंपनीने नाव रजिस्टर करून टाकलं.

खरी गंमत पुढेच आहे. मूळ स्पॅनिश नाव ‘मेर्सेदेस’. आपल्याकडे देवीच्या रूपांवरून मुलींची नावं ठेवतात, तशी स्पेनमध्ये मारियामातेच्या रूपांवरून ठेवतात. दोलोरेस म्हणजे दुःखं, सोलेदाद म्हणजे एकांत, आणि ‘मारिया दे लास मेर्सेदेस’ म्हणजे दयेची, कृपेची मारिया. पणजीजवळचं मेरशी गाव, पोर्तुगीजांचं मर्सेस, तेही याच मातेच्या नावाचं.

ही माता कैद्यांची. 1218 मध्ये पेद्रो नोलास्कोने बार्सिलोनात तिच्या नावाने एक संघ काढला. मुस्लिम राज्यांत कैद झालेल्या ख्रिश्चनांना खंडणी भरून सोडवायचं, हे त्याचं काम. वेळ पडली तर कैद्याच्या जागी स्वतः ओलीस राहीन, अशी शपथच हे संन्यासी घ्यायचे.

आता मुळाकडे जाऊ. ज्या लॅटिन शब्दावरून हे नाव आलं, त्याचा अर्थ काय असेल? मजुरी, मोबदला. थोडक्यात, पगार! इंग्रजीतला ‘मर्सी’ म्हणजे दया आणि ‘मर्सिनरी’ म्हणजे भाडोत्री सैनिक, दोघे एकाच घरचे. शब्द पगारापासून निघाला आणि शेकडो वर्षांनी दयेपर्यंत पोचला. आपण मात्र त्याला यू-टर्न मारून परत पॅकेजवर आणून ठेवलाय.

गाडीला माझा विरोध नाही. मलाही ती हवीच आहे! पण आपल्यातल्या कितीजणांची फी बापाने पीएफ काढून नाहीतर शेत गहाण टाकून भरली आहे? तीही एक खंडणीच की. कुणीतरी आपल्याला सोडवलंय. दरवर्षी प्रत्येक वर्गात फी थकल्यामुळे परीक्षेचा फॉर्म अडकलेले दोन-तीन जण असतातच, आणि ते कुणाला सांगतही नाहीत.

म्हणून माझं साधं म्हणणं आहे. पहिला पगार झाला की अशा एका ज्युनिअरचा फॉर्म सोडवा. गाजावाजा नको, फोटो नको. मर्सिडीजचा अर्थ तेवढ्यातही पुरा होतो. गाडी काय, ईएमआयवर केव्हाही येईल!