चिराग घासणारे आणि चिराग विकणारे

अल्लादिनचा दिवा ही 'मुसलमानांची गोष्ट' आहे, असे दोन प्रकारचे लोक ठामपणे मानतात. पहिले, ज्यांना स्नेहसंमेलनात 'तुमच्यातलं काहीतरी' म्हणून मुस्लिम मुलाला ढगळ विजार आणि चमकी लावलेली पगडी घालायची असते. दुसरे, ज्यांना ते पुस्तकच मुलांच्या हातातून काढून घ्यायचे असते, कारण त्यात जिन्न आहे. मी उर्दूही शिकवते आणि मराठीही, त्यामुळे दोन्ही मंडळी मला भेटत असतात. दोघांनीही ती गोष्ट वाचलेली नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

आधी वंशावळ पाहू. आन्त्वान गालाँ या फ्रेंच विद्वानाने 'अलिफ लैला'चे भाषांतर ज्या जुन्या अरबी हस्तलिखितावरून केले, त्यात अल्लादिन नाहीच. १७०९ साली पॅरिसमध्ये हन्ना दियाब नावाच्या तरुणाने त्याला ही गोष्ट तोंडी सांगितली. दियाब सीरियातल्या हलब शहराचा, धर्माने मारोनी ख्रिस्ती. १७१२ मध्ये ती फ्रेंचमध्ये छापून आली. त्याआधीचे तिचे अरबी हस्तलिखित आजवर सापडलेले नाही. गोष्ट घडते चीनमध्ये, नायक शिंप्याचा पोरगा, जादूगार आफ्रिकेतला. आपल्या मराठीत अरबी कथा आणल्या कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी, त्याही इंग्रजीवरून. इतक्या हातांतून गेलेला दिवा एका कौमेच्या गळ्यात कसा बांधता?

पण तो बांधला गेला. १९९२ साली डिस्नेने चीन पुसून टाकला आणि 'अग्रबा' नावाचे वाळवंटी राज्य उभे केले. सुरुवातीच्याच गाण्यात त्या मुलखात कान कापतात असे म्हटले होते. अरब-अमेरिकन लोकांनी निषेध केल्यावर पुढच्या वर्षी ती ओळ बदलावी लागली. डिसेंबर २०१५ मध्ये अमेरिकेतल्या एका मतचाचणी संस्थेने मतदारांना विचारले, अग्रबावर बॉम्ब टाकावेत का? रिपब्लिकन पक्षाच्या ३० टक्के मतदारांनी हो म्हटले, डेमोक्रॅट पक्षाच्या १९ टक्क्यांनीही. नकाशावर नसलेल्या गावावर बॉम्ब! हसून सोडून देण्याची ही बाब नाही. नाव कानाला मुसलमानी लागले, एवढ्यावर ज्यांचा निर्णय झाला, त्यांना खऱ्या गावांची नावे ऐकून काय वाटत असेल?

आता घरातल्यांकडे वळते. काही जण म्हणतात, जिन्नांच्या गोष्टींनी मुलांचा अकीदा बिघडतो. कुरआनात जिन्न आहेत, हे खरेच. आगीपासून निर्माण केलेले, माणसासारखेच अल्लाहला जबाबदार. पितळेच्या दिव्याला बांधलेला, ज्याच्या हाती दिवा त्याचा गुलाम, असा जिन्न ही कथेची कल्पना. हा फरक पाचवीतले मूल सहज समजून घेते, समजावून सांगितला तर. मग माझा प्रश्न असा की, जे पुस्तकातल्या जिन्नावर इतके चिडतात, ते मोहल्ल्याच्या कोपऱ्यावर 'जिन्न, करणी, बंदिश, शर्तिया इलाज' अशी पाटी लावून बसलेल्या आमिलबाबांपुढे गप्प का असतात? पुस्तकातला दिवा काही रुपयांत मिळतो आणि मिटता येतो. या बाबांचा दिवा विझतच नाही, घरातले दागिने गेले तरी. फिट येणाऱ्या मुलीला डॉक्टरकडे न नेता महिनोन्‌महिने धुनी देत ठेवलेले मी पाहिले आहे. भूत उतरवण्याच्या नावाखाली कुणाला बांधणे, मारहाण करणे महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, आणि तो कायदा सर्व धर्मांच्या बाबांना लागू आहे. ही माहिती किती खुत्ब्यांमध्ये ऐकलीत?

यावर ठरलेले उत्तर येते: "काय करणार, बायकाच जातात बाबांकडे. भोळ्या असतात." नेमके इथे मूळ गोष्ट उघडून बघा.

अल्लादिन शिकारीला जातो. दिवा महालात तसाच ठेवून जातो. जादूगार 'जुने दिवे द्या, नवे घ्या' अशी आरोळी ठोकत येतो आणि शहजादी बद्रुलबुदूर तो कळकट दिवा देऊन टाकते. महाल जातो, शहजादीही जाते. शतकानुशतके वाचणारे म्हणतात, काय बावळट बाई! पण तिला त्या दिव्याचे गुपित सांगितले होते कुणी? नवऱ्याने सांगितले नव्हते. ज्या वस्तूवर तिचे छप्पर उभे होते तिची माहिती तिला नाही, आणि नुकसानीचा दोष मात्र तिचा. पुढे त्याच जादूगाराला विषाचा पेला कोण देते? तीच. तिला काय करायचे ते सांगितल्याबरोबर ती ते चोख करते.

आपल्या घरांत याहून वेगळे काय चालते? मुलीला दहावीनंतर बसवायचे, दवाखान्याची फाईल तिच्या हाती द्यायची नाही, बँकेचे पासबुक दाखवायचे नाही, मेंदूचा आजार आणि 'असर' यांतला फरक शिकवायचा नाही. मग तिचे लेकरू तडफडायला लागले आणि ती धावत बाबाकडे गेली की तिला भोळी म्हणायचे. भोळेपणा जन्माने येत नाही. तो घरात रोज थोडाथोडा वाढवला जातो.

म्हणून दोन्ही मंडळींना माझे सरळ सांगणे आहे. स्नेहसंमेलनवाल्यांनो, आमच्या मुलाला अल्लादिन करायचे असेल तर खुशाल करा, पण पुढच्या वर्षी त्याला शिवाजी महाराजांचा मावळाही करा, आणि जोशींच्या मुलाला ती पगडी घाला. गोष्ट सगळ्यांची आहे. आणि आपल्या बुजुर्गांनो, पुस्तक काढून घेऊ नका, आमिलाची पाटी काढा. ती निघत नसेल तर निदान एवढे करा: घरातल्या मुलीला ही गोष्ट पूर्ण वाचू द्या, आणि वाचून झाल्यावर तिला विचारा, चूक कुणाची होती? तिचे उत्तर तुम्हाला आवडणार नाही. तरी ऐकून घ्या.